सारवलेले माजघर

‘सारवासारव’ हा शब्द मराठीत इतका रुळला आहे की त्यातले शेण आणि माती आता कोणाला दिसत नाही. एखाद्या पुढाऱ्याने जीभ घसरल्यावर सारवासारव केली, असे वर्तमानपत्रात वाचताना ओणवे होऊन हाताने अर्धवर्तुळे उमटवत मागे मागे सरकणारी बाई कोणाच्या डोळ्यांपुढे येत नाही. माझ्या डोळ्यांपुढे ती हटकून येते, आणि ती माझी अक्का असते. वय वर्षे तेरा, परकर खोचलेला, हात कोपरापर्यंत शेणाने माखलेले, आणि आजी परत यायच्या आत सगळे उरकायची घाई.

आमचे घर औसा तालुक्यातल्या एका खेड्यात, माळवदाचे, जाड भिंतींचे आणि आतून अंधारे होते. मृगाच्या तोंडावर आजी कैरीचे लोणचे घालीत असे. घरच्या करडईच्या तेलात फोडी बुडवून, चिनी मातीच्या बरणीला पांढऱ्या फडक्याचा दादरा बांधून ती बरणी माजघरातल्या फळीवर ठेवीत असे. त्या वर्षी मी नऊ वर्षांचा होतो. गुळाच्या ढेपेपर्यंत पोचावे म्हणून मी कणगीवर चढलो, तोल जाताना फळीला लोंबकळलो, आणि वर्षभराचे लोणचे जमिनीवर आले. आजी शेजारच्या वाडीला कोणाच्या तरी तेराव्याला गेली होती. अक्काने मला एक धपाटा घातला आणि ती कामाला लागली. खापऱ्या उकिरड्यावर टाकता येणार नव्हत्या, कारण रोज सकाळी शेणाची पाटी घेऊन आजीच तिकडे जाई. म्हणून कणगीमागच्या कोपऱ्यात खुरप्याने हातभर खड्डा खणून तिने त्या पुरल्या. फोडी आम्ही धुऊन खाल्ल्या, खाववल्या तेवढ्या, आणि उरलेल्या परसातल्या निवडुंगामागे गेल्या. राहिले तेल. मातीच्या जमिनीत करडईचे तेल मुरले की ते पुसता येत नाही, त्यावर सारवावेच लागते. अक्काने तेवढ्या जागेवर सारवले, आणि मग आम्ही दोघे उभे राहून पाहतो तर काय, राखाडी वाळलेल्या जमिनीत एक ओले, गडद ठिगळ, जणू इथेच पाहा म्हणून कोणी बोट दाखवावे. ठिगळ लपवायचे तर सगळी जमीन सारखी दिसायला हवी, म्हणून अक्काने सबंध माजघर सारवून काढले.

आजी आली, उंबरठ्यावर थांबली. “आज कोन्चा सण हाय गं?” असे तिने विचारले. आम्ही दोघेही एकाच श्वासात, एकाच शब्दांत म्हणालो, “मांजरानं घाण केल्ती.” आजीने खोलीच्या चारही कोपऱ्यांवरून नजर फिरवली आणि म्हणाली, “समद्या माजघरात?”

पुढे तिने काहीच विचारले नाही. तेव्हा मला वाटले की आम्ही सुटलो.

हे सगळे २०१५ सालच्या पावसाळ्यात, लातूरच्या एका चित्रपटगृहात, अक्काच्या शेजारी बसून ‘दृश्यम’ पाहताना अचानक वर आले. पडद्यावर नायक, केबलचा धंदा करणारा विजय साळगावकर, पोलिसांपुढे एकेक गोष्ट काढून ठेवत होता: बसचे तिकीट, लॉजचे बिल, सिनेमाची तिकिटे. अक्का माझ्याकडे झुकली आणि हळूच म्हणाली, “ह्यानं समदं माजघर सारवलंय बघ.” त्या एका वाक्याने मला त्या चित्रपटाची रचना जशी उलगडली, तशी नंतर वाचलेल्या कुठल्याच परीक्षणाने उलगडली नाही. (ज्यांनी तो अजूनही पाहिलेला नसेल, त्यांनी येथेच थांबावे, शेवट सांगितल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही.)

मूळ चित्रपट मल्याळम, २०१३ च्या डिसेंबरात आलेला, लेखक-दिग्दर्शक जीतू जोसेफ आणि नायक मोहनलाल. आपण पाहिलेली हिंदी आवृत्ती निशिकांत कामत या मराठी दिग्दर्शकाची, ‘डोंबिवली फास्ट’वाल्या कामतांची, ते २०२० साली गेले. कन्नड, तेलुगू, तमिळ, सिंहली आणि चिनी अशा भाषांतही ही गोष्ट सांगितली गेली. इतक्या वेगवेगळ्या ठिकाणच्या लोकांना एका केबलवाल्याच्या लबाडीने आपलेसे केले, याचे कारण तो खून नव्हे. खून तर अर्ध्या मिनिटात होतो, आणि तो कोणी, का, कसा केला हे आपल्याला सगळे माहीत असते. रहस्यकथेत आपण ‘कोण’ याच्या मागे धावतो. येथे ते कुतूहल पहिल्याच टप्प्यात संपवले जाते आणि त्याच्या जागी ‘आता हे निभावणार कसे’ ही धास्ती येते. ही धास्ती प्रेक्षकाला आपोआप गुन्हेगाराच्या बाजूला आणून बसवते. हिचकॉकने १९६० सालच्या ‘सायको’त हे एका क्षणात करून दाखवले होते. मृतदेह ठेवलेली मोटार दलदलीत बुडत असते, मध्येच बुडायची थांबते, आणि क्षणापूर्वी त्या बाईसाठी हळहळणारे आपण ‘बुड, बुड’ म्हणू लागतो. ‘दृश्यम’ हा त्या एका क्षणाचा अडीच तासांचा विस्तार आहे, असे म्हटले तर फारसे चुकणार नाही.

पण आपल्याला गुन्हेगाराच्या बाजूला नुसते बसवून भागत नाही, तिथे बसलेले आपल्याला योग्यही वाटले पाहिजे. येथे लेखकाने केलेली पहिली चलाखी कायद्याशी संबंधित आहे. एक मुलगा रात्री घरात घुसतो, विजयच्या थोरल्या मुलीच्या आंघोळीच्या चित्रफितीवरून धमकावतो, आईवर वाकडी नजर टाकतो, आणि मुलीच्या हातून त्याच्या डोक्यात फटका बसतो. जुन्या भारतीय दंड संहितेच्या कलम १०० प्रमाणे (आता न्याय संहितेचे कलम ३८) बलात्काराच्या इराद्याने झालेल्या हल्ल्यापासून बचाव करताना हल्लेखोराचा जीव गेला तरी तो गुन्हा ठरत नाही. म्हणजे त्या रात्री हे कुटुंब दिवा लावून, दार उघडून, पोलीस ठाण्यात गेले असते तर त्यांच्या हाती चांगला बचाव होता. त्यांचा निर्विवाद गुन्हा सुरू होतो तो खड्डा खणताना. पुरावा नाहीसा करणे हा कलम २०१ खाली, आणि आता २३८ खाली, स्वतंत्र गुन्हा आहे. म्हणून लेखकाला एक गोष्ट करणे भाग होते: ठाण्याचे दार त्या कुटुंबासाठी बंद आहे हे प्रेक्षकाला पटवणे. मेलेला मुलगा पोलीस महानिरीक्षक मीरा देशमुख यांचा एकुलता एक, आणि गावातला उपनिरीक्षक गायतोंडे लाचखाऊ आणि डूख धरणारा. या दोन खुंट्या मारल्या की लपवाछपवी हाच एकमेव मार्ग वाटू लागतो. चित्रपट संपून बाहेर आल्यावर, चहाच्या टपरीवर उभे असताना, कोणालाही विचारावे की ते सरळ का गेले नाहीत, जो तो म्हणतो, “काय सांगता राव, पोलिसाचंच लेकरू ते.” खुंट्या पक्क्या बसल्याची ती पावती आहे.

दुसरी गोष्ट जास्त बारीक आहे, आणि तिच्याबद्दल बोलायला मी थोडा अधिकारी माणूस आहे, कारण माझी सत्तावीस वर्षे एका तालुक्याच्या न्यायालयात साक्षी टंकून घेण्यात गेली. आमच्याकडचा साक्षीदार तारीख सांगत नाही. वकील साहेब विचारतात, घटना कोणत्या तारखेची? साक्षीदार सांगतो, “खांदेमळणीच्या दिशी” (म्हणजे पोळ्याच्या आदल्या दिवशी), किंवा “येळवसंच्या (वेळ अमावास्येच्या) दुसऱ्या दिशी”, किंवा “थोरलीचं लेकरू झालं त्या आठवड्यात”. मग दुसरे कोणी तरी कालनिर्णय पाहून ती तारीख घालते, साक्षीदार मान डोलावतो, आणि कागदावर ‘दिनांक’ म्हणून जे उमटते ते त्याच्या डोक्यात कधीच नसते. त्याच्या डोक्यात बैलाच्या खांद्याला लावलेले लोणी असते. हा खोटेपणा नव्हे, हा काळ मोजण्याचा आपला जुना हिशेब आहे, आणि तो प्रसंगांपुरता फार पक्का असतो. प्रसंग आणि आकडा यांच्यामधला दोरा मात्र कच्चा असतो. कोणी तरी आपुलकीने, गप्पांच्या भरात, तो सोडून दुसऱ्या आकड्याला बांधला तर साक्षीदाराला कळतसुद्धा नाही.

विजय साळगावकर नेमके तेवढेच करतो. त्याचे कुटुंब पणजीला खरेच जाते. बसने जाते, लॉजवर उतरते, सिनेमा पाहते, पावभाजी खाते. वाहकाशी, लॉजवाल्याशी, हॉटेलवाल्याशी, सिनेमा दाखवणाऱ्याशी ते बोलतात, आणि लक्षात राहावेत असे बोलतात. यातले काहीही खोटे नाही. फक्त हे सगळे घडते ते खुनाच्या, म्हणजे २ ऑक्टोबरच्या रात्रीनंतर. पुढे तो एकटाच त्या माणसांना पुन्हा भेटतो आणि बोलण्याच्या ओघात दोन आणि तीन तारखेचा उल्लेख सोडून देतो. नंतर पोलीस विचारायला येतात तेव्हा त्या माणसांना तो चेहरा आठवतो, ती लहान पोर आठवते, आणि तारीखही आठवते. सगळे खरे, फक्त वार खोटा.

न्यायालयात ‘पढवलेला साक्षीदार’ असा एक शब्द आहे. पढवलेला साक्षीदार उलटतपासणीत ओळखू येतो. त्याला जे विचारले नाही तेही तो सांगतो, आणि दोन पढवलेले साक्षीदार एकच वाक्य जसेच्या तसे बोलतात, जसे आम्ही मांजराबद्दल बोललो होतो. विजयने आपल्या बायकोला आणि मुलींना पढवलेले आहे, आणि म्हणून त्याचा खरा धोका तिथेच आहे. बाहेरचे चौघे मात्र त्याने पढवलेले नाहीत. त्यांना आपण कोणाला वाचवतो आहोत याची कल्पनाच नाही. त्यांची कितीही उलटतपासणी करा, “हे म्हणणे खरे नाही की मी खोटे सांगत आहे” हे ठरीव वाक्य ते छातीवर हात ठेवून उच्चारतील, आणि त्यांच्यापुरते ते खरेच असेल. खोटे बोलणाऱ्या माणसाला फोडता येते, पण चुकीचे आठवणाऱ्या प्रामाणिक माणसाला कोण कसा फोडणार?

मानसशास्त्रात याचा अभ्यास झालेला आहे. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ साली काही विद्यार्थ्यांना मोटार अपघाताची चित्रफीत दाखवली आणि नंतर वेगाबद्दल विचारताना एका गटाला ‘मोटारी एकमेकींवर आदळून चुराडा झाला तेव्हा’ अशा अर्थाचा शब्द वापरला, दुसऱ्याला नुसता ‘धडकल्या’. आठवड्याने विचारले, फुटलेली काच पाहिली का? चित्रफितीत काच फुटलेली नव्हतीच. तरी पहिल्या गटातल्या ५० पैकी १६ जणांनी ‘पाहिली’ म्हणून सांगितले, दुसऱ्या गटात ५० पैकी ७ जणांनी. प्रश्नातल्या एका क्रियापदाने आणखी नऊ जणांच्या डोळ्यांपुढे काचा सांडल्या. तिथे हा परिणाम मोजला गेला. विजयकडे तर वेळही भरपूर होता आणि गोड बोलणेही.

एरवी मी हे प्रयोग ‘परदेशी पोरांचे खेळ’ म्हणून सोडून दिले असते. पण किल्लारीच्या भूकंपाची रात्र मला तसे करू देत नाही. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटे. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, गणपती बुडवून सगळा मुलूख थकून झोपलेला. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातल्या कोणालाही विचारा, त्या वेळी तो कुठे होता हे तो सांगेल, अगदी अंगावर कोणती चादर होती इथपर्यंत. मीही सांगत आलो. आजीला पाठीवर घेऊन मी अंगणात आलो, लिंबाखाली बसलो, कुत्री एका सुरात भुंकत होती, आणि आजी ‘पांडुरंगा, पांडुरंगा’ म्हणत माझा दंड सोडत नव्हती, हे मी माझ्या बायकोला, मुलांना, कचेरीतल्या सहकाऱ्यांना वर्षानुवर्षे सांगितले. एकदा अक्काच्या देखत सांगत होतो. ती शांतपणे म्हणाली, “तू कुठं होतास? तू तर अकरावीला, लातूरला खोलीवर होतास. आजीला पाठीवर मी घेतलं.” मी वाद घातला. मग हिशेब केला: अकरावीचे वर्ष, खोलीचे भाडे, दुसऱ्या दिवशी एसटी बंद म्हणून ट्रकच्या मागे बसून गावाकडे निघालेलो आम्ही पाच पोरे. ती ट्रकची आठवणही माझ्याकडे होती, वेगळ्या कप्प्यात, पहिलीला न भिडता. अक्काने त्या दिवाळीत ज्या बारकाव्यांनिशी तो प्रसंग सांगितला असेल, तो मी उचलला आणि त्यात तिच्या जागी स्वतःला उभे केले. दंडावरची आजीची बोटे मला अजूनही जाणवतात. जी माझ्या दंडावर कधी नव्हतीच.

उलरिक नायसर या मानसशास्त्रज्ञाने १९८६ साली ‘चॅलेंजर’ अवकाशयान कोसळले त्याच्या दुसऱ्या दिवशी विद्यार्थ्यांकडून, बातमी कळली तेव्हा तुम्ही कुठे होता, हे लिहून घेतले आणि सुमारे अडीच वर्षांनी त्यांनाच पुन्हा विचारले. कित्येकांच्या दोन हकिगती जुळल्या नाहीत, आणि तरी नंतरच्या हकिगतीबद्दल त्यांची खात्री मोठी होती. हे मी वाचले ते अक्काने मला लिंबाखालून उठवल्यानंतर, नाही तर माझाही विश्वास बसला नसता.

तेव्हा पणजीच्या त्या लॉजवाल्याला कोणी मूर्ख म्हटले की मला राग येतो. त्या जागी मी असतो तर मीही दोन तारीखच सांगितली असती, आणि शपथेवर.

गंमत अशी की चित्रपट हाच प्रयोग आपल्यावर करतो. पूर्वार्ध संथ आहे, अशी तक्रार मी अनेकांकडून ऐकली आहे. चौथी नापास माणूस रात्र रात्र केबलच्या कचेरीत सिनेमे पाहतो, खर्चाला हात आखडतो, टपरीवर गायतोंडेशी खटके उडवतो. आपण कंटाळून पॉपकॉर्न आणायला उठतो. पण त्या तासाभरात पेरलेला एकही दाणा वाया गेलेला नाही. सिनेमांमधून त्याला पोलीस काय करतात ते कळलेले असते, म्हणून पुढे त्याची हुशारी आकाशातून पडल्यासारखी वाटत नाही. आणि गायतोंडे! संपूर्ण कथेत कुटुंबाबाहेरचा एकच माणूस खरा प्रत्यक्षदर्शी आहे. विजयला मेलेल्या मुलाच्या पिवळ्या मोटारीत बसलेले त्याने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले आहे. लेखकाने तो सत्याचा एकुलता एक तुकडा नेमका अशा माणसाच्या तोंडात ठेवला की ज्याचे विजयशी वैर गावाला माहीत आहे. वैरी साक्षीदाराच्या जबाबाचे न्यायालयात काय होते ते मी रोज पाहिले आहे. सत्य लपवण्यापेक्षा ते नालायक माणसाच्या हाती देऊन ठेवणे सोपे पडते. पटकथेतली ही जागा मला सर्वांत आवडते, आणि तिची चर्चा सर्वांत कमी होते.

मोटार पाण्याने भरलेल्या खाणीत जाते, मुलाचा मोबाईल दूर निघालेल्या ट्रकमध्ये जातो. हा भाग नेहमीचा आहे, त्यावर रेंगाळण्यात अर्थ नाही.

माझे मन रेंगाळते ते खड्ड्यापाशी. मारहाणीत धाकटी अनू फुटते. फुटणारच. कोणत्याही लपवलेल्या गोष्टीत एक अनू असते, जिला खिडकीतून दिसलेले असते आणि जिच्या वयाला ते पेलत नाही. ती परसातल्या खताच्या खड्ड्याकडे बोट दाखवते, आणि अख्खे गाव जमलेले असताना पोलीस खणतात. आपले पाणी पाणी होते. निघते ते कुत्र्याचे कलेवर. येथे कायद्याची एक बाब लक्षात घेतली तर लेखकाची जाण कळते. पोलिसांपुढे दिलेली कबुली आपल्याकडे पुरावा म्हणून चालत नाही. १८७२ च्या साक्ष अधिनियमापासून हा नियम आहे. त्या कबुलीमुळे एखादी वस्तू हाती लागली, तर तेवढ्याशी संबंधित भाग तेवढा चालतो. म्हणजे अनूच्या बोलण्याचे सगळे वजन त्या खड्ड्यावर टेकलेले होते, आणि विजयने खड्डा आधीच रिकामा करून ठेवला होता. आपली पोर फुटेल हे त्याने गृहीत धरले होते. तिला पढवूनसुद्धा तिच्यावर भिस्त ठेवली नव्हती. भिंत पडणारच असेल तर ती कुठे पडावी हे त्याने ठरवून ठेवले होते, आणि ती पडली ती पोलिसांच्याच अंगावर. मारहाण झालेली लहान मुलगी, खड्ड्यातले कुत्रे आणि खवळलेला जमाव. त्यानंतर तपास उभा राहूच शकत नाही. बाप म्हणून हा हिशेब किती थंड आहे, हे मला तिसऱ्यांदा पाहताना जाणवले. पहिल्या दोन वेळा मी टाळ्या वाजवणाऱ्यांत होतो.

आणि मग तो शेवट. बांधकाम चालू असलेल्या पोलीस ठाण्यातून पहाटे फावडे घेऊन बाहेर पडणारा विजय. ज्या जमिनीवर बसून त्याचा तपास व्हायचा, तिच्याखालीच मृतदेह. आतापर्यंत आपण समजत होतो की याने आपल्याला सगळे दाखवले आहे, आपण त्याचे साथीदार आहोत. ती समजूतही त्यानेच आपल्या डोक्यात घातलेली होती. तपासणाऱ्या मीरा देशमुखना जेवढे कळले नाही तेवढेच आपल्यालाही कळले नव्हते. आपणही पणजीचे लॉजवालेच.

दुसरा भाग मूळ मल्याळमात २०२१ ला आणि हिंदीत २०२२ ला आला, तोही चांगला चालला, पण माझे मत विचाराल तर तो एक पायरी खाली आहे. पहिल्यात माणसांच्या आठवणी बदलल्या जातात, दुसऱ्यात सांगाड्याची हाडे. हाडांना पढवावे लागत नाही. चिनी आवृत्तीत, २०१९ सालच्या, नायक शेवटी कबुली देतो. तिथल्या प्रेक्षकांना ते कसे वाटले असेल कोण जाणे, मला ते माजघर सारवून झाल्यावर स्वतःच आजीचा हात धरून कणगीमागे नेल्यासारखे वाटले.

खोड्या काढायच्याच तर काढता येतात. विजयचा स्वतःचा मोबाईल त्या दोन दिवसांत कोणत्या मनोऱ्याच्या कक्षेत होता, हा प्रश्न आमच्या न्यायालयातला अगदी कनिष्ठ वकीलसुद्धा विचारील. आणि ही गोष्ट आता पुन्हा रचता येणार नाही. एसटीचा वाहक एके काळी पत्र्याच्या पेटीतून रंगीत तिकीट काढून त्याला पंचाने टिकटिक भोके पाडून देत असे. आता यंत्रातून निघणाऱ्या कागदावर तारीख आणि वेळ छापलेली असते. २०१६ साली यूपीआय आले, आणि औशाच्या आठवडी बाजारात कोथिंबिरीच्या जुडीचे पैसेही मोबाईलवरून जाऊ लागले. पणजीच्या पावभाजीचे पैसे विजयने आज दिले असते तर दिवसाबरोबर मिनिटही कायमचे नोंदले गेले असते, आणि हॉटेलवाल्याने आठवण्याऐवजी बोटाने पडदा सरकवून पाहिले असते. ती कथा सुचली तेव्हा तारीख अजून माणसांच्या डोक्यात राहत होती. हिंदी चित्रपट २०१५ च्या जुलैत आला. जेमतेम वेळेत आला म्हणायचे.

चित्रपट पाहून लातूरहून परत येताना गाडीत अक्काने मला विचारले, “आजीला ठाऊक होतं का रे?” मी हसलो, कारण तिला तो दिवस माहीत नव्हता. २००१ साली गावाकडच्या माजघरात शहाबादी फरशी घालायला काढली तेव्हा ती सासरी होती, मी एकटाच होतो. आजीने ऐंशी ओलांडली होती, मोतीबिंदूमुळे नजर अधू झाली होती, तरी ओसरीत बसून गवंड्यावर देखरेख चालू होती. कणगी हलवून कोपरा खणताना त्याच्या टिकावाला खट्ट आवाज आला. त्याने पांढऱ्या, निळ्या पट्ट्याच्या दोन-तीन खापऱ्या आणि झाकणाचा गोल गट्टू वर काढून आजीच्या हातात दिला. आजीने तो गट्टू तांब्यातल्या पाण्याने धुतला, पदराने पुसला, अंगठा फिरवून पाहिला. माझ्याकडे तिने पाहिलेसुद्धा नाही.

“ठिव तितंच,” ती गवंड्याला म्हणाली, “आन् वर फरशी बसव.”

त्याने बसवली. खाली खापऱ्या असल्यामुळे ती नीट बसली नाही. कोपऱ्यातली ती एक फरशी पाय पडला की अजून डुगडुगते.